बत्तीस फुटांची साक्ष

तुम्ही काय करता, या प्रश्नाला मी सात वर्षांत वेगवेगळी उत्तरं दिली. नातेवाइकांना सांगायचे, संशोधन. एसटीत शेजारी बसलेल्या बाईला, सर्वे. बँकेतल्या माणसाला, टायपिंग. तिन्ही खरी होती. पूर्ण उत्तर लांब होतं आणि ते दिलं की पुढचा प्रश्न हमखास यायचा, म्हणून मी ते टाळत असे. आता काम सोडलं आहे, तेव्हा सांगायला हरकत नाही.

परदेशातल्या एका विद्यापीठात ख्रिस्ती धर्माचा अभ्यास चालतो. प्रचाराशी त्याचा संबंध नाही. जगभरची माणसं हा धर्म कशी जगतात, एवढंच तिथे पाहतात. आमच्या प्रमुख बाईंचं म्हणणं होतं की या धर्माची बहुतेक माणसं आता आफ्रिकेत, आशियात, दक्षिण अमेरिकेत आहेत, तर अभ्यासकांनी युरोपातल्या ग्रंथालयांतून उठून तिथल्या ओट्यांवर जाऊन बसावं. असा एक ओटा अकोट आणि दर्यापूरच्या मधल्या एका गावात होता. अमरावतीला एम.ए. संपवल्यावर त्या ओट्यावर बसण्याचं काम मला मिळालं.

हे ऐकलं की पुढचा प्रश्न यायचा, "म्हणजे तुम्ही ख्रिश्चन?" मी म्हणायचे, "मी कामाला आहे." इथेही तेच म्हणते.

कामाचा माल म्हणजे साक्ष. रविवारी गाणी झाली की पाळक, म्हणजे पास्टर, विचारतो, "कोणाची साक्ष?" मग कोणीतरी उभं राहतं आणि देवानं आपल्यासाठी काय केलं ते सांगतं. ताप उतरला, लेक नांदायला परत गेली, हरवलेली म्हैस सापडली. साक्ष चालू असताना कोणी मध्ये बोलायचं नाही. ती संपली की सगळ्यांनी 'आमेन' म्हणायचं, म्हणजे 'तसंच असो'. एकदा आमेन म्हटलं की त्या साक्षीवर शंका काढता येत नाही, निदान त्या ओट्यावर तरी नाही.

आम्ही एकाच माणसाची एकच साक्ष दर वर्षी नव्याने रेकॉर्डरवर टिपायचो आणि प्रती शेजारी-शेजारी ठेवून पाहायचो. गोष्ट सांगून-सांगून कशी बदलते, त्यातून काय गळतं, काय उरतं. हेच काम इतर देशांत इतर लोक करत होते. पूर्व आफ्रिकेतल्या एका सहकाऱ्याने कळवलं होतं, त्याच्याकडच्या एका बाईच्या साक्षीत पहिल्या वर्षी शेजाऱ्याने दवाखान्यात न्यायला गाढव दिलं होतं. तिसऱ्या वर्षी गाढवही नव्हतं आणि शेजारीही नव्हता. बाई आणि देव, दोघंच उरले होते.

मी इंग्रजी शाळेत शिकले. मराठी बोलता येत होतं. लिहायला मात्र मी या कामात शिकले, तेही वऱ्हाडीपासून. अकोल्याला जठारपेठेतल्या आमच्या घरात मागच्या खोलीत हेडफोन लावून मी एकेक वाक्य पाच-पाच वेळा ऐकायचे. आई दारातून विचारायची, "अजून तेच?" कोणी 'मी प्रार्थना करून राहिलो होतो' म्हटलं तर तसंच टाइप करायचं, सुधारायचं नाही. कामात मला स्वतःचा अभिमान वाटायचा तो याच गोष्टीचा. खोकलासुद्धा मी कंसात लिहायचे.

दिवस कापसाचे वाईट होते. वही घेऊन आलेला कोणीही माणूस गावात शेतकऱ्यांना मदतीचं पॅकेज वाटणाऱ्या सरकारी खात्याचा धरला जायचा. पहिल्या दिवशी पारावरच्या एका म्हाताऱ्याने विचारलं, "बाई, तुमी पॅकेजवाल्या का?"

"नाही."

"पेपरवाल्या?"

"नाही."

"मंग काहून आल्या?"

मी सांगितलं, लोकांच्या साक्षी ऐकायला. त्याने थोडा विचार केला. "कोर्टातल्या?" मी नाही म्हटल्यावर त्याने तोंड दुसरीकडे वळवलं. माझ्यात दम नाही हे त्याला कळलं होतं.

ओटा भाऊराव काकांचा होता. गावाच्या टोकाला, नाल्याकडच्या वस्तीत. पाच-सहा घरं तिथे जमायची आणि पाळक अकोटहून मोटरसायकलवर यायचा. काका पन्नाशीचे, आवाज मोठा, आमेन सगळ्यांच्या आधी म्हणणारे. त्यांच्या बायको सुलोचना काकू बायकांच्या बाजूला दाराशी बसायच्या, म्हणजे चुलीवरच्या चहाकडे लक्ष राहायचं. त्यांनी कधी साक्ष दिलेली मी पाहिली नव्हती.

काकांच्या साक्षीची थोरवी कळायला त्या भागातलं पाणी माहीत असावं लागतं. पूर्णेच्या दोन्ही अंगांना खारपाणपट्टा आहे. जमीन काळी, कसदार, पण तिच्या पोटातलं पाणी खारट. विहीर खणली तर तिच्यावर तहानही भागत नाही आणि शेतही भिजत नाही. सोयरीक करायला आलेले पाहुणे घरात शिरताच पाणी मागतात, ते तहान लागली म्हणून नव्हे. अशा गावात काकांच्या विहिरीला गोड पाणी लागलं होतं, आणि सगळी वस्ती ते पीत होती.

पहिल्या वर्षी काकांनी मला घरात बसवून साक्ष दिली. "पाणी पाहायले हबीब चाचा आले होते दर्यापूरवरून. त्यायनं जागा दाखवली. आमी तिथं गुडघे टेकले, प्रार्थना केली अन् खोदलं. पाणी लागलं तं तोंडात घेतलं. साखर."

दुसऱ्या वर्षी ओट्यावर ते म्हणाले, "एका माणसानं जागा दाखवली."

तिसऱ्या वर्षी अकोटला मोठी सभा होती. काका माइकवर बोलले. कुठे थांबायचं, कुठे आवाज खाली आणायचा, हे त्यांना आता येत होतं. "देवानं मले जागा दाखवली," ते म्हणाले आणि मंडपातून आमेन उठलं.

मी तीन रकान्यांचा तक्ता करून पाठवला. प्रमुख बाईंचं उत्तर आलं की आजवर पाहिलेल्या सगळ्यांत स्वच्छ उदाहरण आहे. मी ते उत्तर दोनदा वाचलं.

त्यानंतर महिन्याभराने हबीब चाचांनीच मला हाक मारली. दर्यापूरच्या स्टँडजवळ त्यांचं फवारणीचे पंप दुरुस्त करायचं छोटं दुकान होतं. पाणी पाहणं हा दुसरा धंदा, वर्षातून काही महिन्यांचा: तळहातावर आडवा नारळ धरून शेतात चालायचं, जिथे तो उभा होईल तिथे पाणी. साठीच्या पुढचे, हाताला कायम तेल.

"तुमीच ना बेटी, भाऊरावची साक्ष डबीत भरून नेता?"

मी हो म्हटलं.

"माझं नाव हाय त्यात?"

"कोणी काय सांगितलं ते मला दुसऱ्याला सांगता येत नाही, चाचा. नियम आहे."

"म्हंजे नाही." त्यांनी पंपाचा वॉशर काढून उजेडात धरला. "बसा. पानी खुदा का है, मी कुठं माझं म्हनतो? पन नारळ तं माझ्या हातावर उभा झाला होता."

"खरंच उभा होतो?"

चाचा हसले. "नारळ लोकायसाठी. मानूस बोलावते, चहा पाजते, चार जन जमा होतात, तं त्यायले काही दिसलं पायजे. मी माती चाखतो."

मग त्यांनी मला सगळं सांगितलं, मी विचारलं नसताना. कुठे मातीवर मिठाचा पांढरा थर धरतो, कुठे धरत नाही. नाल्याकाठी कोणतं गवत उन्हाळ्यातही हिरवं राहतं. खारपाणात गोड पाणी असतं ते वरच्या वर, दुधावर साय असते तसं. "साय काढता काढता चमचा खाली गेला तं काय व्हते? भाऊरावले मी बत्तीस फूट सांगतलं होतं. त्याच्याखाली एक कुदळ मारू नको म्हनलं. तो आता लोकायले फूट नाही सांगत. देव सांगते."

"लोक तुम्हाला बोलवत नाहीत आता?"

"पाळकाले बोलावतात. बोलावू दे. तुमी एक काम करा, पलीकडच्या गावात जाऊन पानी प्या."

गाव आणि घर त्यांनी सांगितलं. मी गेले. तिथेही चाचांनीच दाखवलेली विहीर होती, बरी चालली होती. काकांची अकोटची साक्ष ऐकून त्या घराने प्रार्थना केली आणि ती आणखी खोल नेली. घरच्या बाईने मला पेला भरून दिला. जिभेला आधी काही कळलं नाही, मग घशात मीठ उतरलं.

"साक्ष ऐकली होती आमी," ती म्हणाली. "तिच्यात फुटाचं काही नव्हतं."

तिच्या बोलण्यात तक्रार नव्हती. तिने पेला विसळला, तोही हंड्यातल्या विकतच्या पाण्याने.

घरी येऊन मी पहिल्या वर्षीचं रेकॉर्डिंग पुन्हा लावलं. काकांनी बत्तीस हा आकडा उच्चारला होता का, एवढंच पाहायचं होतं. नव्हता. काका 'साखर' म्हणतात आणि थांबतात. मग भांडं ठेवल्याचा आवाज. मग आतून, चुलीकडून, एक बायकी आवाज, दूर पण स्पष्ट: "अन् बत्तीसच्या खाली जाऊ नका म्हने चाचा. खाली खारं हाय."

मी टाइप केलेली प्रत उघडली. त्या जागी मी कंसात लिहिलं होतं, 'मागे घरातले आवाज'.

खोकला लिहिला होता. हे लिहिलं नव्हतं.

काकांच्या साक्षीतून चाचा तीन वर्षांत गळले. काकू पहिल्याच दिवशी गळल्या होत्या, आणि ते काकांनी केलेलं नव्हतं. त्या पलीकडच्या घराला माझ्या एका ओळीने वाचवता आलं असतं का, हे मला माहीत नाही. माझे कागद परदेशी जात होते, खारपाणात कोणी ते वाचत नव्हतं. तरीही मी ती ओळ बराच वेळ पाहत बसले.

एप्रिलमध्ये मी पुन्हा गावात गेले, शुक्रवारी. काका खुशीत होते. विहिरीचं पाणी उन्हाळ्यात तळाला जायचं, पिण्यापुरतं उरायचं. त्यांना येत्या हिवाळ्यात हरभरा भिजवायचा होता. मंगळवारी क्रेन येणार होती. दहा फूट खाली जायचं ठरलं होतं.

मी म्हटलं, "काका, खाली खारं लागलं तर?"

एवढं बोलणंही नियमात बसत नव्हतं. ते मी फार हळू बोलले.

"कोन म्हनलं? चाचा?" काका हसले. "त्याचा धंदा बसला मॅडम, तं तो काहीबी बोलून राहिला. देवानं दिलेलं पानी खारं कसं व्हईन?"

ते गायीकडे गेले. मी आत चुलीपाशी गेले. काकू भाकरी थापत होत्या.

"तुमाले बी वाटते ना, खाली खारं हाय?" काकूंनी मान वर न करता विचारलं. "पलीकडच्या गावात खारं लागलं म्हनतात. चाचा म्हनले होते. मले आठवते. पन मी बोलली तं हे म्हनतात, तू तवा आत होती, तुले काय ऐकू आलं. आता मलेच वाटते, खरंच ऐकलं होतं का मी."

आमच्या संमतीच्या कागदावर एक नियम होता: बोलणाऱ्याला स्वतःचा आवाज केव्हाही ऐकायचा हक्क आहे. तो मी प्रत्येक घरात वाचून दाखवला होता. कोणी कधी मागितला नव्हता, आणि मी कधी कोणाला आठवण करून दिली नव्हती.

"काकू, माझ्याकडे तुमचा आवाज आहे," मी म्हटलं. "ऐकायचा?"

त्यांनी पिठाचे हात पदराला पुसले. मी फक्त तेवढा तुकडा लावला. भांडं, मग वाक्य. त्यांनी पुन्हा लावायला सांगितलं. मी पुन्हा लावलं.

"हा माझा आवाज हाय?"

"हो."

"लय तरना वाटते." मग थोड्या वेळाने, "इतकं साफ सांगतलं होतं मी." आणि मग माझ्याकडे बघून, "तुमी हे लिवलं होतं का?"

"नाही."

"काहून?"

"तेव्हा मला वाटलं, साक्ष काकांची आहे."

तव्यावरची भाकरी एका बाजूने करपली होती. ती त्यांनी उलटली आणि बाजूला ठेवली. बहुतेक स्वतःच्या ताटासाठी. मी विचारलं, काकांना ऐकवू का. त्या म्हणाल्या, "नको. घरात ऐकवलं तं ते भांडतीन. राहू द्या."

मला वाटलं, विषय संपला. मी शनिवारी अकोल्याला परतणार होते. का कोण जाणे, थांबले.

रविवारी गाणी झाली. पाळकाने विचारलं, "कोणाची साक्ष?" काका उठायच्या बेतात होते. मंगळवारच्या कामासाठी प्रार्थना मागणार होते. तेवढ्यात दाराशी काकू उभ्या राहिल्या. डोक्यावरचा पदर त्यांनी पुढे ओढला. पाळक गोंधळला, पण साक्षीला उभ्या राहिलेल्या माणसाला बसवता येत नाही.

"सगळ्यायले सलाम," काकू म्हणाल्या; ओट्यावर साक्षीची सुरुवात अशीच करतात. "माझी साक्ष पान्याची हाय. देवानं आमाले गोड पानी दिलं. हे तुमाले यायनं सांगतलंच हाय. पन देवानं पानी दाखवायले एक मानूस बी धाडला, हबीब चाचा. त्या मानसानं माती जिभेवर ठेवून सांगतलं, बत्तीस फूट. खाली जाऊ नका, खाली खारं हाय. मी चुलीपाशी होती. मी माझ्या कानानं ऐकलं. देवानं पानी बी दिलं अन् पान्याची हद्द बी दिली. दोन्ही त्याचंच देनं हाय. पलीकडच्या गावातल्या बहिनीनं हद्द ऐकली नाही, कारन आमी सांगतली नाही. त्याची मी माफी मागते. माझी साक्ष एवढीच."

त्या बसल्या.

मी रेकॉर्डर मांडीवर धरून होते आणि त्याचा लाल दिवा चालू होता. पुढचे क्षण त्यात शांत आहेत. एक कोंबडी, एक पोर. पाळकाने बायकांकडे पाहिलं, पुरुषांकडे पाहिलं आणि तो आमेन म्हणाला. मग बायका म्हणाल्या. शेजारची दोन घरं म्हणाली. ती त्याच विहिरीचं पाणी पीत होती आणि क्रेन येणार हे त्यांनाही ठाऊक होतं. एरवी सगळ्यांच्या आधी म्हणणारे काका खाली बघत होते. आता सगळे त्यांच्यासाठी थांबले होते, हेही त्यांना कळत होतं.

"आमेन," ते म्हणाले. आवाज त्यांचा वाटत नव्हता.

चहा झाल्यावर त्यांनी ओट्याच्या कोपऱ्यात जाऊन फोन लावला. "मंगळवारी नको येऊ. नाही, दुसरा कोनी नाही बोलावला. पैशाचं नाही गा. घरात विचार बदलला." मग माझ्यापाशी येऊन उभे राहिले.

"हे बी भरलं का डबीत?"

"हो, काका."

"मंग माझी अकोटवाली पुसून टाका."

"पुसता येत नाही."

"काहून?"

"नियम आहे."

"लय नियम हायेत तुमचे," ते म्हणाले आणि गायीकडे गेले. त्या दिवशी ते काकूंशी बोलल्याचं मी पाहिलं नाही. काकूंनी त्यांना चहा मात्र दुसऱ्यांदा दिला, आणि तो त्यांनी घेतला.

मी प्रमुख बाईंना सगळं कळवलं, चुलीपाशी आवाज ऐकवल्याचंही. त्यांचं उत्तर सविस्तर आणि सभ्य होतं. संशोधकाच्या हस्तक्षेपामुळे चौथी साक्ष अभ्यासात धरता येणार नाही. पहिल्या प्रतीत राहून गेलेलं वाक्य घालावं आणि ती चूक कोणाची, ते तळटीपेत लिहावं. त्यांचं बरोबर होतं. आवाज ऐकवण्यात नियम मोडला नसला तरी मी काय करत होते ते मला ठाऊक होतं. पत्राच्या शेवटी, सहीच्या खाली, त्यांनी एक ओळ लिहिली होती: विहिरीचं काय झालं?

मी उत्तर पाठवलं, बत्तीस फूट.

पहिली प्रत दुरुस्त केल्यावर मी दर्यापूरला गेले. चाचांना म्हटलं, तुमचा उल्लेख आता अहवालात राहील, पण नाव बदलावं लागेल, सगळ्यांचंच बदलतो.

"बदलून?" त्यांनी हातातला पंप खाली ठेवला. "एवढं करून बदलून? मंग माझा काय फायदा?"

मी म्हटलं, नियम आहे. ते बरं जमतं मला.

"बदललेलं नाव कोन ठरवते? तुमी?"

"तुम्ही सांगितलंत तर तेच ठेवता येईल."

बाहेर अकोटची गाडी लागली, भरली, निघून गेली.

"हबीब लिवा," ते म्हणाले. "माझ्या उस्तादचं नाव. माती चाखायले त्यायनंच शिकवलं मले. ह्या पट्ट्यात गोड्या पान्याच्या कितीतरी विहिरी त्यायच्या हायेत अन् एकाही विहिरीवर त्यायचं नाव नाही."

"आणि तुमचं?"

"माझं लोकायले माहीत हाय," ते म्हणाले. "अजून."

अहवालात मी तेच नाव लिहिलं, आणि इथेही. वर जिथे-जिथे ते आलं आहे, काकूंच्या साक्षीतसुद्धा, तिथे त्या लोकांनी दुसरं नाव घेतलं होतं.